कथेतले वाक्य आणि पडद्यावरचे दृश्य

नामांकित पुस्तकावर चित्रपट निघाला की चित्रपटगृहाबाहेर पडताना आपण एकच हिशेब मांडतो: मूळचे किती राखले आणि किती गाळले? पटकथाकाराला असे आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करण्यापूर्वी त्याचे काम काय असते, हे पाहिले पाहिजे. त्यासाठी आम्ही रवींद्रनाथांची 'नष्टनीड' ही १९०१ सालची दीर्घकथा आणि तीवरून सत्यजित राय यांनी स्वतः पटकथा लिहून १९६४ साली काढलेला 'चारुलता' हा चित्रपट शेजारी शेजारी ठेवतो.

कलकत्त्याचा सधन भूपती आपल्या इंग्रजी वृत्तपत्रात इतका गढलेला की, घरातली बायको वयात आली हेही त्याच्या ध्यानी येत नाही. त्याचा आतेभाऊ अमल आणि चारू साहित्याच्या नादाने जवळ येतात. अमल दूर गेल्यावर चारूला आपले मन उमगते, आणि मागाहून भूपतीलाही.

भूपतीचे हे दुर्लक्ष रवींद्रनाथ निवेदनाच्या काही ओळींत सांगून मोकळे होतात. कॅमेऱ्याला ती सोय नाही. 'त्याचे लक्ष नव्हते' ह्याचे चित्र कसे घ्यावे? राय यांनी चारूच्या हाती नाटकगृहात वापरतात तशी छोटी दुर्बीण दिली. दुपारच्या सुन्या घरात ती खिडकीखिडकीतून रस्त्यावरची माणसे न्याहाळत हिंडते. तेवढ्यात पुस्तकात डोके घातलेला भूपती तिच्याजवळून निघून जातो. त्याला ती दिसतच नाही. मग ती दुर्बीण डोळ्यांना लावून त्याची पाठमोरी आकृती पाहते. हाताच्या अंतरावरून गेलेला नवरा, आणि तो पाहायला दुर्बीण! कथेत ही वस्तू कोठेही नाही. तरी कथेचे मर्म तिच्यात पुरते उतरले आहे.

सगळेच बदल मात्र असे फुकट पडत नाहीत. कथेत चारू चोरून दागिने गहाण टाकते आणि अमलला जबाबी तार करते. तिचे उत्तर भूपतीच्या हाती पडते. राय यांनी ही तार गाळली. चित्रपटात अमलचे पत्र येते, आपण एकट्याच आहोत असे समजून चारू हुंदके देते आणि भूपती ते अवचित पाहतो. एका दृष्टिक्षेपात काम झाले, हे खरे. पण दागिने बाहेर पाठवणारी चारू स्वतः काही करते. रडताना दिसलेली चारू नुसती सापडते. येथे आमचे मन कथेकडे झुकते.

शेवटही बदलला आहे. कथेत भूपती म्हैसूरला निघतो, चारू बरोबर नेण्याची विनवणी करते, तो कचरतो, मग चल म्हणतो, आणि तेव्हा तीच नको म्हणते. ह्या चित्रपटातील बदलांवर बंगालीत टीका झाली आणि राय यांनी लेख लिहून तिला उत्तर दिले. चित्रपटात भूपती घरी परततो. दोघांचे हात एकमेकांकडे येतात, आणि भेटण्यापूर्वीच चित्र थिजते. त्या थिजलेल्या चित्रावर अक्षरे उमटतात, ती रवींद्रनाथांच्या कथेच्या नावाची.