खाष्ट सासू आणि केळेवाली

मंडळी, एखाद्या खाष्ट सासूविषयी बोलताना ‘बाई म्हणजे अगदी ललिता पवार हो!’ असे तुम्ही ऐकले असेल. कदाचित म्हटलेही असेल. नटीचे नाव असे बोलण्यात रुजावे, हा मोठाच मान. पण त्यात ललिताबाईंवर थोडा अन्यायही आहे. तो कसा, ते पाहू.

कुर्ल्याला हार्बरची गाडी धरली की टिळकनगर मागे पडते आणि चेंबूर येते. तेथे राज कपूरचा आर. के. स्टुडिओ होता, आता तो राहिला नाही. त्याच आर. के.चा ‘श्री ४२०’ हा १९५५ सालचा बोलपट. त्यात मुंबईत नवख्या आलेल्या राजूला एक केळेवाली भेटते, गंगामाई. हीच ललिता पवार! स्टेशनाबाहेर पाटी मांडून बसणाऱ्या बाया कुर्ल्याने पुष्कळ पाहिल्या आहेत. त्यांच्या रांगेत गंगामाईला बसवा. गिऱ्हाईक बिनदिक्कत भाव करू लागेल. येथे सासूचा मागमूस तरी आहे का?

येवल्याकडची ही मुलगी १९१६ सालची. मूकपटांच्या काळातच ती पडद्यावर आली आणि पुढे नायिकाही झाली. १९४२ साली शूटिंगच्या वेळी मास्टर भगवान यांनी मारायची थप्पड नको इतकी जोरात बसली. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली. काही वर्षे औषधोपचार झाले, तरी डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेची कामे संपल्यातच जमा. वय तिशीच्याही आत, आणि वाट्याला आल्या सासवा, आत्या, आया.

आता गंमत पाहा. शांतारामबापूंच्या ‘दहेज’मध्ये (१९५०) तो बारीक डोळा सुनेच्या काळजात धडकी भरवतो. ‘प्रोफेसर’मध्ये (१९६२) कडक शिस्तीची बाई म्हाताऱ्या मास्तरावर भाळते, आणि तोच डोळा आपल्याला पोट धरून हसवतो. डोळा तोच; बदलते ती मान, चाल, शब्दावरचा जोर. अंगातले व्यंग झाकत न बसता बाईंनी त्यालाच कामाला जुंपले.

आणि हृषीकेश मुखर्जींच्या ‘अनाडी’तली (१९५९) मिसेस डिसा? नायकाची ही घरमालकीण. तोंडाने फटकळ, पण पोरक्या पोरावर आईसारखा जीव. पुढे ती जाते ती नायकाच्याच मालकाच्या कंपनीचे विषारी औषध घेऊन. दुय्यम पात्राचे काम काय असते, ते येथे कळते. मिसेस डिसा आपल्याला आधी घरची वाटली नसती, तर तो गुन्हा म्हणजे वर्तमानपत्रातली एक बातमी ठरली असती. नायकाचा संताप खरा वाटतो तो तिच्यामुळे. या भूमिकेला फिल्मफेअरचे पारितोषिक मिळाले. १९६१ साली संगीत नाटक अकादमीनेही बाईंचा गौरव केला. माझ्या मते मात्र गंगामाई एक पाऊल पुढेच आहे, कारण तिला वेळ फार थोडा मिळाला.

शिक्षकबंधूंनो आणि भगिनींनो, स्नेहसंमेलनात राजा-राणीसाठी भांडणे होतात आणि दासीचे काम रडणाऱ्या पोरीच्या गळ्यात पडते. ते काम एकदा वर्गातल्या सर्वांत हुशार मुलीला देऊन बघा. नाटक कसे उभे राहते, ते तुम्हीच सांगाल!

मराठीतही ‘रामशास्त्री’त (१९४४) त्या आनंदीबाई झाल्या होत्या. पुतण्याच्या जिवावर उठलेली ही बाई, आणि चाळीसेक वर्षांनी दूरदर्शनवरच्या ‘रामायणा’तली (१९८७) कैकेयीचे कान भरणारी मंथरा. नात्याने दोघी जवळच्याच म्हणायच्या. मंथरा झाल्या तेव्हा बाई सत्तरीच्या होत्या. १९९८ च्या फेब्रुवारीत पुण्यात त्यांचे निधन झाले. टाळेबंदीत, २०२० साली, ‘रामायण’ पुन्हा लागले आणि घरोघरी लोक मंथरेच्या नावाने पुन्हा बोटे मोडू लागले. बाईंना जाऊन तेव्हा बावीस वर्षे झाली होती.