चाळिशीनंतरची पहिली ओव्हर

चाळिशी आली की बहुतेक क्रिकेटपटू किट माळ्यावर टाकतात. मुंबईच्या प्रवीण तांबेची खरी कारकीर्द तेव्हा कुठे सुरू झाली! नोकरी सांभाळून तो वर्षानुवर्षे क्लब क्रिकेट खेळला, मध्यमगती सोडून लेगस्पिनकडे वळला. रणजीचे दार मात्र उघडेना. अखेर २०१३ मध्ये, ४१व्या वर्षी, राहुल द्रविडच्या राजस्थान रॉयल्सने त्याला आयपीएलमध्ये उतरवले. त्याच वर्षअखेरीस तो मुंबईकडून रणजीही खेळला. ५ मे २०१४ रोजी अहमदाबादला कोलकात्याविरुद्ध हॅट्ट्रिक घेऊन त्याने हातचा निसटलेला सामना फिरवला. पुढे संघ बदलत गेले. २०२० मध्ये, ४८व्या वर्षी, कॅरिबियन प्रीमियर लीग खेळणारा तो पहिला भारतीय ठरला. भारताची टोपी काही मिळाली नाही. पण उशीर झाला म्हणून त्याने चेंडू खाली ठेवला नाही.