सख्र, कोनामी आणि सनदेचा प्रश्न

मोहम्मद अल-शारेख या कुवैती अर्थतज्ज्ञांनी 1982 साली ‘अल आलमिया’ ही कंपनी स्थापन केली, त्या काळी संगणक अरबी लिहील-वाचील असा भरवसा त्या मुलखात फार थोड्यांना असावा. जपानच्या यामाहासारख्या कंपन्यांकडून एमएसएक्स पद्धतीची संगणकयंत्रे करारमदार करून घ्यावीत, त्यांत उजवीकडून डावीकडे चालणारी लिपी बसवावी आणि ‘सख्र’ या नावाने ती घरोघरी पोचवावीत, असा त्यांचा उपक्रम होता; म्हणजे परक्या यंत्रात फेरफार करून ते आपलेसे करण्याचा हा उद्योग सर्वस्वी सनदशीर होता. 1990 च्या इराकी आक्रमणाने तो कैरोला हलवला.

याच एमएसएक्ससाठी कोनामी या जपानी खेळ-कंपनीने 1985 मध्ये फुटबॉलचा खेळ काढला. झेड-80 प्रक्रियकाच्या अल्प बळावर धावणाऱ्या त्यातील ठेंगण्या आकृत्यांना नावे नव्हती. साहजिकच, 1982 च्या विश्वचषकात कुवैतसाठी गोल करणारा फैसल अल-दखील कोणत्या आकृतीत पाहावा, हे ठरवण्याची मुखत्यारी खेळणाऱ्याची होती आणि त्या कल्पनेवर कोणाचाही मालकीहक्क पोचत नव्हता.

तंटा उद्भवला तो नावे आल्यावर. जर्मन गोलरक्षक ऑलिव्हर कानने आपले नाव व चेहरा फुटबॉलच्या खेळात विनापरवाना वापरल्याबद्दल ईए या खेळ-कंपनीला हॅम्बुर्गच्या न्यायालयात खेचले आणि 2003 मध्ये निकाल त्याच्या बाजूने लागला. तर कोनामीच्या ‘प्रो इव्होल्यूशन सॉकर’मध्ये इंग्लिश लीगचा परवाना नसल्यामुळे लिव्हरपूलला ‘मर्सीसाइड रेड’ या टोपणनावाने वावरावे लागले. ज्यांना हे सोसवले नाही त्या शौकिनांनी खरी नावे, जर्सी, चिन्हे भरलेल्या ऑप्शन फाइली आणि खेळात बदल करणारे पॅच रचले. कुवैतच्या 1999 च्या 64 क्रमांकाच्या कायद्याने संगणकाच्या आज्ञावलीला ग्रंथाप्रमाणेच संरक्षण दिले होते आणि 2019 चा 75 क्रमांकाचा कायदाही ते देतो; तथापि स्वहस्ते नावे टंकलेली फाइल आणि सबंध खेळ उतरवून, वर क्लबांची चिन्हे डकवून विकलेली तबकडी यांना एकाच सदरात घालणे मला न्याय्य वाटत नाही. दुसरी उघड चोरी आहे. पहिलीने कोणाची कवडीही बुडाल्याचे मला दिसत नाही.

शिवाय परवान्यांना मुदत असते. 2023 मध्ये ईएने आपल्या फुटबॉल-खेळांचे फिफा हे नाव सोडले आणि जुन्या आवृत्त्या आंतरजालावरील दुकानांतून काढून घेतल्या. आता त्यांपैकी एखादी खेळू इच्छिणाऱ्याने वापरलेली तबकडी हुडकावी, आणि तिच्यातील संघ आजचे करायचे झाल्यास पुन्हा त्याच बेपरवाना मंडळींचे दार ठोठावावे.