धम्मोत्तरीयांचा पुद्गल

धम्मोत्तरीय हा प्राचीन बौद्ध संघातल्या वात्सीपुत्रीय परंपरेचा एक पंथ. जुन्नरच्या लेण्यांतील एका ब्राह्मी शिलालेखात त्याचे नाव कोरलेले आहे. लेणे आणि पाण्याची पोढी, म्हणजे टाके, दान दिल्याची नोंद करताना नगरातल्या धम्मोत्तरीय भिक्खुणींच्या उपाश्रयाचाही त्यात उल्लेख येतो. म्हणजे सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी जुन्नरच्या वस्तीत या पंथाच्या स्त्रिया राहत होत्या. त्यांच्या परंपरेने ‘मी कोण?’ या प्रश्नाला जे उत्तर दिले, त्यावरून बौद्ध जगात काही शतके वाद चालला.

वादाचे मूळ बुद्धाच्या शिकवणुकीतच होते. माणूस म्हणजे रूप, वेदना, संज्ञा, संस्कार आणि विज्ञान हे पाच स्कंध, म्हणजे ढीग. त्यांच्यामागे नित्य, न बदलणारा आत्मा नाही. हे मान्य केले की अडचण उभी राहते. आज दान देणारा आणि उद्या त्याचे फळ भोगणारा एकच कसा? कालची आठवण आज कोणाला होते? मैत्री आणि करुणा करायची ती कोणावर, पाच ढिगाऱ्यांवर? बहुतेक पंथांचे उत्तर असे, की प्रवाह आहे, प्रवाही कोणी नाही. ‘माणूस’ हे व्यवहारापुरते नाव.

वात्सीपुत्रीयांना हे पटले नाही. बुद्धानेच एका सूत्रात स्कंधांना ओझे म्हटले आणि ते वाहणाऱ्याला पुद्गल, म्हणजे व्यक्ती, म्हटले. मग वाहणारा नाहीच असे कसे म्हणायचे, हा त्यांचा सवाल होता. त्यांच्या मते पुद्गल खरा आहे, पण तो स्कंधांहून वेगळा नाही आणि स्कंधांशी एकरूपही नाही. जाळ आणि सरपण यांचे नाते त्यासाठी ते पुढे करत. सरपणावाचून जाळ दिसत नाही, तरी सरपण म्हणजे जाळ नव्हे. पुद्गल स्कंधांशी एकच मानला तर स्कंधांबरोबर तोही क्षणाक्षणाला नष्ट होईल. वेगळा मानला तर बुद्धाने नाकारलेला नित्य आत्मा मागच्या दाराने परत येईल. म्हणून तो ‘अवक्तव्य’, शब्दांत न बसणारा. जाणण्याजोग्या वस्तूंचे भूत, वर्तमान, भविष्य आणि असंस्कृत, म्हणजे कारणांनी न घडलेले, असे चार वर्ग धरून त्यांनी पुद्गलासाठी पाचवा, अवक्तव्य वर्ग मानला.

व्यक्ती ओळखायची तीन अंगांनी: आत्ता ती ज्या स्कंधांच्या आश्रयाने आहे त्यांवरून, एका जन्मातून दुसऱ्यात जाण्यावरून, आणि निर्वाणात स्कंध थांबल्यावरून. तिसरे अंग सगळ्यांत धाडसी आहे. निर्वाण पावलेला मृत्यूनंतर उरतो की नाही, यावर बुद्ध मौन राहिला. त्या मौनालाच या मंडळींनी सिद्धांताचे स्थान दिले.

विरोधकांनी त्यांना सोडले नाही. पाली ‘कथावत्थु’ या ग्रंथाची सुरुवातच पुद्गलावरच्या लांबलचक खंडनाने होते. बौद्ध आचार्य नागार्जुनाने मूलमध्यमककारिकेच्या दहाव्या प्रकरणात अग्नी आणि इंधनाचा दृष्टांत तपासून मोडीत काढला. वसुबंधूने अभिधर्मकोशाचे नववे प्रकरण याच मताच्या खंडनाला दिले. बौद्ध असून आत्मवादी, हा शिक्का त्यांच्यावर कायमचा बसला. तो अन्यायाचा वाटतो. या परंपरेचे स्वतःचे म्हणणे आज मुख्यतः मोजक्या चिनी भाषांतरांतून उरले आहे. बाकी सारे प्रतिपक्षाच्या तोंडून ऐकावे लागते. त्यांनी आत्मा परत आणला नाही. दुःख सोसणाऱ्या आणि केलेल्या कर्माला जबाबदार असणाऱ्या माणसाला त्यांनी हिशेबात ठेवले, आणि त्याची व्याख्या पूर्ण होत नाही हे प्रांजळपणे सांगितले.

हे मत कोपऱ्यातले नव्हते. याच परंपरेतली संमितीय शाखा पुढे फार वाढली. सातव्या शतकात भारतात आलेल्या चिनी यात्री युआन च्वांगला माळवा, वलभी आणि सिंध भागांत तिचे हजारो भिक्खू आढळले. भद्रायणीय या भावंड पंथाला सातवाहन राजमाता गौतमी बलश्रीने नाशिकचे लेणे दिले. कार्ल्याच्या चैत्यगृहातला एक खांब सोपाऱ्याच्या धम्मोत्तरीय भाणकाने, म्हणजे सूत्रे म्हणणाऱ्या भिक्खूने, दिलेला आहे. सोपारा, कल्याण, नाणेघाट, जुन्नर हा व्यापाराचा रस्ता, आणि हे विचारही त्याच वाटेने फिरले असावेत. जुन्नरच्या लेखांत धान्याच्या व्यापाऱ्यांची श्रेणी आहे, यवन दाते आहेत. देणारा आणि फळ भोगणारा एकच, हे सांगणारी शिकवण अशा दात्यांच्या मनाला जवळची वाटली असेल, असा तर्क करता येतो.

नारायणगावमार्गे जुन्नरजवळच्या लेण्याद्रीला जाणारे बहुतेक जण गिरिजात्मज गणपतीचे दर्शन घेऊन उतरतात. ते मंदिर मुळात बौद्ध विहार, सात क्रमांकाचे लेणे. शेजारचे सहावे लेणे चैत्यगृह आहे. तेही पाहावे, आणि वेळ असेल तर तुळजा व मानमोडीची लेणीही पाहावीत. तिथल्या भिंतींवरचे ब्राह्मी लेख ऊनपावसाने झिजत आहेत. त्यांना हात लावू नये, नावे कोरू नयेत.