चुकणारा मनकवडा

जादूगाराच्या पेशात चूक ही सर्वांत मोठी नामुष्की समजली जाते; म्हणूनच रंगमंचावर पाऊल टाकण्यापूर्वी प्रत्येक जादूगार फसगतीला कोठेही वाव राहणार नाही असा चोख बंदोबस्त करून ठेवतो. हा दस्तूर जाणूनबुजून मोडणारा, आणि मोडूनही कीर्ती मिळविणारा, एक विलक्षण कलावंत गेल्या शतकाच्या मध्यास ब्रिटनमध्ये होऊन गेला. रंगमंचावर तो चॅन कॅनास्टा या नावाने वावरे. त्याचे मूळ नाव चनानेल मिफेलेव.

१९२० साली पोलंडमधील क्राकाव येथे जन्मलेला हा गृहस्थ मानसशास्त्राच्या अध्ययनासाठी जेरुसलेमला गेला; दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश हवाई दलात दाखल झाला, आणि युद्ध संपल्यावर ब्रिटनचा नागरिक होऊन मनकवडेपणाचे खेळ करू लागला. १९५१ साली बीबीसीच्या दूरचित्रवाणीवर त्याचे दर्शन घडले, तेव्हा त्याच्यापाशी ना चमत्कारिक पोशाख होता, ना मंतरलेली पेटी. पत्त्यांचा जोड आणि काही पुस्तके एवढीच त्याची सामग्री. त्याच्या थोडे आधी, १९४९ साली, सिडनी आणि लेस्ली पिडिंग्टन या ऑस्ट्रेलियन दांपत्याने पत्नीला ‘टॉवर ऑफ लंडन’मध्ये किंवा विमानात बसवून विचारसंक्रमणाचे खेळ नभोवाणीवर गाजविले होते. त्या डामडौलापुढे कॅनास्टाची मांडणी एखाद्या प्राध्यापकाच्या शिकवणीसारखी साधी वाटे.

समोर बसलेल्या पाहुण्यांपैकी एकाने मनात पत्ता धरावा, दुसऱ्याने शेल्फावरून मनास येईल ते पुस्तक उचलावे, पत्त्यांच्या आकड्यांवरून पान ठरावे, आणि मग त्या पानावरील मजकूर कॅनास्टाने न पाहता सांगावा, अशा धर्तीचे त्याचे खेळ असत. यांत अलौकिक शक्तीचा दावा नसे. स्मरणशक्ती, झटपट हिशेब, हाताची सफाई आणि माणूस कोणत्या क्षणी काय निवडील याचा अदमास, या साऱ्यांचे मिश्रण करून तो काम करी, असे जाणकारांचे मत आहे. असा अदमास नेहमीच खरा ठरेल याची हमी कोण देणार? पत्ता चुकला, तर तो हसून तसे कबूल करी आणि पुढे जाई.

नवल असे की, या कबुलीनेच प्रेक्षकांचा विश्वास दुणावे. जी युक्ती कधीच चुकत नाही, तिच्यामागे काही कळसूत्र असणार, असा संशय सामान्य माणसालाही येतो. परंतु जो कधी कधी चुकतो, तो खरोखरच मनाचा ठाव घेत असावा, असे त्याच माणसाला वाटू लागते. एका पत्त्याची चूक उरलेल्या चार अचूक उत्तरांची जणू साक्ष देई. १९६६ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या पुस्तकाच्या नावातही त्याने अशा फजितीलाच मानाचे स्थान दिले.

१९६० साली बीबीसीवर त्याच्याच नावाची मालिका झाली. पण लौकिक असा शिखरावर असताना तो हळूहळू या पेशातून बाजूस झाला आणि चित्रकलेला वाहून घेऊन १९९९मध्ये मृत्यू येईपर्यंत चित्रकार म्हणून जगला. डेरेन ब्राउनसारखा आजचा नामांकित मनकवडा त्याचे ऋण मान्य करतो. आता मात्र पुष्कळ कलावंत एखादी चूक आधीच आखून ठेवतात, कारण तिचा परिणाम सर्वांना ठाऊक झाला आहे. कॅनास्टाची चूक अशी बेतलेली नसे. ती खरी जोखीम होती, आणि तिची किंमत भर कार्यक्रमात, हजारो डोळ्यांदेखत, चुकती करण्याची त्याची तयारी होती.