येवल्याची अंबा, उंबरगावची मंथरा

ललिता पवार मूकपटात पडद्यावर आल्या आणि दूरदर्शनवर घराघरांत पोचल्या. रामानंद सागर यांच्या ‘रामायण’ मालिकेत मंथरेचं कुबड पाठीवर घेतलं तेव्हा त्यांनी सत्तरी गाठली होती. खाष्ट सासू म्हणून त्यांना सगळे ओळखतात. त्याआधीची नायिका आणि निर्माती मात्र जवळजवळ विस्मरणात गेली आहे.

त्यांचा जन्म १८ एप्रिल १९१६ चा, येवल्याचा. मूळ नाव अंबा, आडनाव शगुन. वडील लक्ष्मणराव रेशमी-सुती कापडाचे व्यापारी. १९२८ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये बालकलाकार म्हणून सुरुवात झाली आणि थोड्याच वर्षांत त्या नायिका झाल्या. ‘कैलाश’ (१९३२) या मूकपटाच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता. ‘दुनिया क्या है’ (१९३८) हा बोलपटही त्यांनीच काढला, तोही टॉलस्टॉयच्या ‘रिसरेक्शन’ या कादंबरीवरून. विशीतल्या नटीने त्या काळात असा विषय निवडावा, हे धाडसच होतं. बोलपट आल्यावर स्वतःची गाणी स्वतः म्हणण्याची वेळ आली, तीही त्यांनी निभावली.

१९४२ मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात एक प्रसंग होता: नायिकेच्या थोबाडीत मारायची. मारणारे नट भगवान, म्हणजे पुढचे भगवानदादा. तडाखा इतका जोरात बसला, की चेहऱ्याला पक्षाघात झाला आणि डाव्या डोळ्याची शीर फुटली. उपचार सुमारे तीन वर्षं चालले. डोळा कायमचा बारीक राहिला आणि नायिकेची कामं संपली.

या अपघातानेच खलनायिका घडवली, असं सर्रास लिहिलं जातं. ते अर्धंच खरं आहे. प्रभातच्या ‘रामशास्त्री’त (१९४४) त्यांनी आनंदीबाई केली. ‘ध’चा ‘मा’ करणारी म्हणून महाराष्ट्र जिला ओळखतो, ती ही बाई. तिथे नुसत्या डोळ्यावर भागणारं नव्हतं. संवादाशिवाय केवळ चेहऱ्यावर भाव पोचवण्याची मूकपटातली तालीम इथे कामी आली असणार. पुढे शांताराम यांच्या ‘दहेज’मधली (१९५०) सासू गाजली आणि तो साचा ठरून गेला.

साचा त्यांनी वेळोवेळी मोडलाही. ‘श्री ४२०’मधली (१९५५) केळी विकणारी गंगामाई मायाळू आहे. ‘अनाड़ी’मधली (१९५९) घरमालकीण मिसेस डिसा तोंडाने फटकळ, आतून आई, या भूमिकेला साहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. ‘आनंद’मध्ये (१९७१) त्या रुग्णालयाच्या मेट्रन झाल्या, आडनाव पुन्हा डिसाच! संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार १९६१ चा.

‘रामायण’चं चित्रीकरण उंबरगावच्या वृंदावन स्टुडिओत झालं. पश्चिम रेल्वेवर डहाणू रोड आणि घोलवडच्या पुढे उंबरगाव लागतं. १९६० मध्ये राज्यं वेगळी झाली तेव्हा जुन्या उंबरगाव तालुक्याचा मोठा भाग गुजरातेत गेला, महाराष्ट्रात उरलेल्या गावांचा तळासरी तालुका झाला. त्यामुळे ही अयोध्या सीमेपलीकडे असली तरी तळासरीकरांना परकी नव्हती. सेटवर मराठी माणसंही होती: कौसल्या जयश्री गडकर आणि दशरथ बाळ धुरी, प्रत्यक्षातही पती-पत्नी.

मालिका २५ जानेवारी १९८७ पासून ३१ जुलै १९८८ पर्यंत चालली. त्यात मंथरेचे प्रसंग मोजके. पण कैकेयीच्या मनात विष कालवताना ललिताबाईंनी आवाज चढवला नाही. मान तिरकी, डोळा अर्धा मिटलेला, बोलणं सल्ला दिल्यासारखं. राजघराण्यातल्या कारस्थानाची नस त्यांना आनंदीबाईपासून ठाऊक होती, आणि दोन्ही भूमिकांमध्ये चार दशकांहून अधिक अंतर होतं.

हिंदी, मराठी आणि गुजराती मिळून त्यांच्या चित्रपटांची संख्या सातशेच्या घरात सांगितली जाते. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात औंध येथे त्यांचं निधन झालं. मार्च २०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शनने ‘रामायण’ पुन्हा दाखवली, तेव्हा मूकपट न पाहिलेल्या पिढ्यांनी ही मंथरा पाहिली.