वाटीभर भाज्या, चमचाभर मिसो

नागानो (जपान)

जपानी माणूस खूप जगतो, कारण तो मासे आणि भाज्या खातो, असं आपल्याकडे सर्रास बोललं जातं. त्याच्या जेवणातल्या मिठाबद्दल फारसं कुणी बोलत नाही. 2019 च्या राष्ट्रीय पाहणीत इथला प्रौढ माणूस दिवसाला सरासरी 10.1 ग्रॅम मीठ खातो असं दिसलं. जागतिक आरोग्य संघटना 5 ग्रॅमच्या आत राहा म्हणते. सोया सॉस, खारवलेले मासे, लोणची आणि मिसो या आंबवलेल्या सोयाबीनच्या लगद्याचं रोजचं सूप, सगळीकडून थोडं थोडं मीठ पोटात जातं.

ज्या नागानो प्रांतातून हे पत्र लिहिते आहे, तिथे ही गोष्ट जिवावर बेतली होती. नागानोला समुद्र नाही. पूर्वी मीठ इतोइगावाच्या किनाऱ्यावरून बैलांच्या आणि हमालांच्या पाठीवर डोंगर चढून मात्सुमोतोपर्यंत यायचं. हिवाळ्यात बर्फ साचलं की शेतात काही उगवत नाही, म्हणून शरद ऋतूतच नोझावाना नावाच्या पाल्याची पिंपंच्या पिंपं खारवून ठेवायची आणि मिसोही घरीच मुरवायचा. पाहुणा आला की चहाबरोबर लोणच्याची बशी पुढे यायची, अजूनही येते. त्यात घरं गारठलेली. 1960 च्या दशकात पक्षाघाताने मरणाऱ्यांच्या प्रमाणात हा प्रांत देशात अगदी वरच्या क्रमांकांत होता. त्याच नागानोने 2010 च्या आकडेवारीत पुरुष आणि स्त्रिया, दोघांच्याही आयुर्मानात जपानमध्ये पहिला क्रमांक मिळवला.

या बदलाचं श्रेय देताना डॉ. तोशिकाझु वाकात्सुकी यांचं नाव आधी घ्यावं लागतं. 1945 मध्ये ते याच प्रांतातल्या साकूच्या छोट्याशा रुग्णालयात आले. रोगी येण्याची वाट न पाहता ते गावोगाव जाऊन तपासण्या करत आणि आरोग्याचे धडे नाटकं बसवून देत. 1976 मध्ये त्यांना मॅगसेसे पुरस्कार मिळाला. पण माझ्या मते खरं काम केलं ते गावातल्या बायकांनी. वाकात्सुकी साकूला आले साधारण त्याच सुमारास, प्रांतातल्याच आजच्या सुझाका परिसरात गृहिणींनी आरोग्य-सेविकांना मदत करायला सुरुवात केली आणि ती पद्धत प्रांतभर पसरली. दोन वर्षं एका घरातली बाई हे काम करते, मग शेजारची. 1980 च्या दशकात मीठ कमी करण्याची प्रांतव्यापी मोहीम निघाली, तेव्हा याच बायका क्षारमापक घेऊन घरोघरी गेल्या आणि चुलीवरच्या सुपात तो बुडवून आकडा दाखवू लागल्या. डॉक्टरांनी कितीही बजावलं तरी आपल्या हातची चव खारट आहे हे कुणाला पटत नाही. शेजारणीने स्वयंपाकघरात उभं राहून दाखवलेला आकडा मात्र पटतो.

त्यांनी शिकवलेली युक्ती अगदी सोपी आहे आणि म्हणूनच मला फार मोलाची वाटते. नेहमीच्या वाटीत दीडशे मिलिलिटर पातळ सूप असतं, त्यात मीठ सुमारे 1.2 ग्रॅम. तीच वाटी भाज्यांनी गच्च भरली तर पातळ सूप जेमतेम ऐंशी-शंभर मिलिलिटर मावतं. चव तितकीच खारट ठेवली तरी पोटात जाणारं मीठ तिसऱ्या हिश्श्याने, कधी निम्म्यानेही घटतं. शिवाय भाज्यांतलं पोटॅशियम शरीरातलं सोडियम बाहेर टाकायला मदत करतं.

दुसरी गोष्ट म्हणजे आधाराचं पाणी, दाशी. 1908 मध्ये तोक्योतले रसायनशास्त्रज्ञ किकुनाए इकेदा यांनी कोंबू या समुद्री शेवाळाच्या चवीचं मूळ शोधलं, ते ग्लुटामेट. वाळवलेल्या शिताके अळंब्यांत ग्वानिलेट असतं. ही दोन एकत्र आली की चव नुसत्या बेरजेपेक्षा कितीतरी भरते आणि मीठ कमी असल्याचं जिभेला जाणवत नाही. शाकाहारी मराठी घरांना ही जोडी आयतीच सोयीची आहे. एरवीच्या दाशीत सुकवलेला मासा असतो, बौद्ध मठांच्या स्वयंपाकात तो नसतो.

चार माणसांसाठी 600 मिलिलिटर पाण्यात बोटभर कोंबू आणि तीन-चार सुक्या शिताके रात्रभर फ्रिजमध्ये भिजत ठेवाव्यात. सकाळी मुळा, गाजर, लाल भोपळा, कोबी आणि मिळाल्यास गोबोचं मूळ, सगळं मिळून चारशे ग्रॅम, चमचाभर तिळाच्या तेलात परतावं. परतण्याचा कंटाळा करू नये, अर्धी गोडी तिथेच येते. भिजवलेलं पाणी आणि चिरलेल्या शिताके घालाव्यात. कोंबू मात्र आधीच काढावा, उकळला तर सूप बुळबुळीत होतं. भाज्या मऊ झाल्या की टोफू हाताने कुस्करून टाकावा, आच बंद करावी आणि मगच मिसो विरघळवावा. माणशी एक सपाट चहाचा चमचा पुरे. मिसोत सुमारे बारा टक्के मीठ असतं, म्हणजे वाटीला साधारण 0.7 ग्रॅम. वरून कांद्याची पात, युझू या लिंबासारख्या फळाची साल किंवा सात मसाल्यांची शिचिमी. आंबट आणि तिखटाने मिठाची उणीव भरून निघते, हे कोकम आणि मिरीवर वाढलेल्यांना वेगळं सांगायला नको.

घाईच्या दिवशी लोक दाशीची तयार पूड वापरतात. तिथे सांभाळावं, कारण बहुतेक पुडींत मीठ आधीच भरपूर असतं आणि वर मिसो पडतोच. इथे 2020 पासून प्रत्येक पाकिटावर मीठ थेट ग्रॅममध्ये छापणं सक्तीचं आहे. भारतातल्या पाकिटावर सोडियम मिलिग्रॅममध्ये असतं. त्या आकड्याला 2.54 ने गुणून हजाराने भागलं की मिठाचे ग्रॅम मिळतात. ही सोय आपल्याकडेही व्हायला हवी असं मला मनापासून वाटतं.

मूत्रपिंडाचा विकार असलेल्यांनी मात्र भाज्यांचं असं सूप डॉक्टरांना विचारूनच घ्यावं, त्यांना पोटॅशियम बाधू शकतं. थायरॉईडच्या रुग्णांनी कोंबू टाळावा किंवा आधी विचारावं, कारण त्यात आयोडीन फार असतं. पुण्या-नाशकात कोंबू आणि मिसो मिळाले नाहीत तरी अडत नाही. सुक्या अळंब्या आणि पिकलेले टोमॅटो घ्यावेत, टोमॅटोतही ग्लुटामेट असतंच. चौघांत मिळून अर्धा सपाट चहाचा चमचा मीठ शेवटी घालावं आणि लिंबू ताटात पिळावं.